सेटआधीचा हिशेब: प्रॉडक्शन डिझायनर व्हायला किती पैसे लागतात?

इंटरमिजिएट ड्रॉइंगमध्ये ‘ए’ मिळवलेली मुलगी किंवा आर्किटेक्चरच्या चौथ्या वर्षाला असलेला मुलगा घरी सांगतो, ‘मला सिनेमात आर्ट डिरेक्शन करायचंय.’ घरच्यांचा पहिला प्रश्न असतो, ‘कोर्सची फी किती?’ प्रश्न रास्त आहे, पण अपुरा. या क्षेत्रात फी एकदाच भरायची असते. पहिलं काम मिळेपर्यंत, मग कामाचे पैसे हातात पडेपर्यंत आणि पुढे दोन कामांच्या मधल्या काळात जो खर्च चालू राहतो, तो मात्र वर्षानुवर्षे सुटत नाही. बरेच जण वाटेत गळतात ते हात वाईट असतो म्हणून नव्हे, या मधल्या काळाची तजवीज केलेली नसते म्हणून. म्हणून इथे शिक्षणापासून स्वतःच्या गोडाऊनपर्यंतचा हिशेब क्रमाने मांडला आहे. भाडं, मजुरी, मालाचे दर आणि कमाईचे आकडे केवळ हिशेब कसा करायचा हे दाखवण्यासाठी धरले आहेत. तिथे तुमच्या गावचे आणि त्या आठवड्याचे आकडे घाला. कर आणि कायद्याचे आकडे मात्र नियमांतले आहेत.

आधी काम समजून घ्या

पडद्यावर नट सोडून जे काही दिसतं त्याचा रंग, पोत, काळ आणि जागा ठरवणारा माणूस म्हणजे प्रॉडक्शन डिझायनर. हे पद रूढ झालं ते हॉलिवूडच्या ‘गॉन विथ द विंड’पासून (१९३९), विल्यम कॅमेरॉन मेन्झिस यांच्यामुळे. आपल्याकडे ‘प्रभात’चे साहेबमामा फत्तेलाल किंवा ‘आवारा’चे म. रा. आचरेकर हे काम कलादिग्दर्शक म्हणून करत. आज मोठ्या चित्रपटात आणि वेबसीरिजमध्ये डिझायनर कल्पना आणि बजेट सांभाळतो, आर्ट डिरेक्टर ती प्रत्यक्षात उतरवतो. त्यांच्या हाताखाली असिस्टंट, सेट ड्रेसिंग आणि प्रॉपर्टी सांभाळणारे, सुतार, पेंटर, मोल्डर आणि सेटिंगवाले असतात. मालिकेत किंवा छोट्या मराठी चित्रपटात ही दोन्ही पदं बहुधा एकाच माणसाकडे असतात.

खर्चाच्या दृष्टीने यातली महत्त्वाची गोष्ट अशी की कोणीही थेट डिझायनर होत नाही. नितीन चंद्रकांत देसाई यांनीही सुरुवात नितीश रॉय यांच्या हाताखाली, ‘तमस’च्या वेळी केली होती. म्हणजे काही वर्षं असिस्टंटच्या कमाईत राहायचं आहे, हे गृहीत धरूनच घराचं बजेट आखायला हवं.

शिकण्याचे तीन रस्ते

*पहिला: सरकारी कला महाविद्यालय आणि मग फिल्म इन्स्टिट्यूट.* मुंबईचं सर ज. जी. कला महाविद्यालय १८५७चं. नागपूर आणि छत्रपती संभाजीनगर इथेही शासकीय कला महाविद्यालयं आहेत. खासगी संस्थांच्या मानाने इथे फी बरीच कमी असते, पण कागद, रंग, मॉडेलचं सामान आणि वसतिगृह यांचा खर्च वेगळा. त्यानंतर पुण्याच्या एफटीआयआयमध्ये आर्ट डिरेक्शन आणि प्रॉडक्शन डिझाइनचा पदव्युत्तर अभ्यासक्रम आहे. त्याला उपयोजित कला, चित्रकला, शिल्पकला, आर्किटेक्चर, इंटिरियर अशा विषयांतली पदवी किंवा समकक्ष डिप्लोमा लागतो. जागा मोजक्या आणि प्रवेश परीक्षेतून. इथे खरा खर्च वेळेचा आहे: पदवीची चार वर्षं, प्रवेशाच्या प्रयत्नांत जाणारा काळ आणि मग हा कोर्स. एवढी वर्षं कमाई नाही, हे फीच्या रकान्याशेजारी लिहून ठेवा.

*दुसरा: खासगी फिल्म किंवा डिझाइन संस्था.* फी काही लाखांत जाते. पैसे भरण्याआधी लेखी उत्तर मागावेत असे चार प्रश्न आहेत. शिकवणाऱ्यांपैकी किती जण सध्या सेटवर काम करतात? विद्यार्थ्यांच्या प्रोजेक्टला खरा फ्लोअर आणि खरा सुतार मिळतो, की सगळं स्क्रीनवरच उरकतं? प्रोजेक्टचं सामान फीमध्ये धरलंय का? मागच्या दोन बॅचमधले किती जण आज आर्ट डिपार्टमेंटमध्ये आहेत? शेवटच्या प्रश्नावर ‘प्लेसमेंट असिस्टन्स देतो’ असं गोल उत्तर आलं, तर त्याचा अर्थ तुम्हीच काढा.

कर्ज काढून शिकणार असाल तर हप्ता आधी मोजा. बँका साधारणपणे साडेसात लाखांपर्यंतच्या शैक्षणिक कर्जाला तारण मागत नाहीत, पण कोर्स मान्यताप्राप्त आहे का, हे पाहतात. सात लाखांचं कर्ज १० टक्के व्याजाने सात वर्षांत फेडायचं म्हटलं तर महिन्याचा हप्ता साधारण ११,६०० रुपये होतो आणि एकूण परतफेड पावणेदहा लाखांच्या घरात जाते. शिकत असतानाचं व्याज त्यावर वेगळं. असिस्टंटच्या कमाईतून दरमहा एवढा हप्ता जाणार असेल, तर कमी पैशांचं पण शिकवणारं काम नाकारावं लागेल. कर्जाचा तोटा फक्त व्याजात नसतो, तो असा निवडीवरही येतो.

*तिसरा: नाटकाच्या नेपथ्यातून.* महाराष्ट्रातल्या मुलांसाठी हा सगळ्यात स्वस्त रस्ता आहे. राज्य नाट्य स्पर्धेत नेपथ्याला स्वतंत्र पारितोषिक असतं. एकांकिकांच्या चमूंना तर नेपथ्य करणारा माणूस कायमच हवा असतो. इथे पैसे नाममात्र मिळतात किंवा मिळतच नाहीत. पण पाच हजारांत घर कसं उभं करायचं, ते टेम्पोत कसं बसवायचं आणि पंधरा मिनिटांत कसं लावायचं, हे धडे फुकट मिळतात. कॅमेऱ्याची भाषा मात्र वेगळी शिकावी लागते, कारण नाटकातला प्रेक्षक एका जागी बसतो आणि कॅमेरा भिंतीच्या दोन इंचांवर येतो. पदवी कुठलीही असो, हा रस्ता तिच्या जोडीने धरता येतो.

हत्यारं आणि पोर्टफोलिओ

सॉफ्टवेअरवर सुरुवातीला एक रुपयाही घालवू नका. ब्लेंडर मोफत आहे, स्केचअपची ब्राउझरमध्ये चालणारी मोफत आवृत्ती आहे आणि विद्यार्थ्यांना ऑटोकॅड शैक्षणिक परवान्यावर विनामूल्य मिळतं. पैसे घालायचे ते लॅपटॉपवर, आणि तोही ग्राफिक्स कार्डवाला. बाकी सामान साधं आहे: छोटी आणि मोठी अशा दोन टेप, लेझर मोजपट्टी, रंगांची शेड कार्डं, कटर, टॉर्च आणि खिळा आरपार जाणार नाही असे बूट. बूट ऐच्छिक समजू नका.

पोर्टफोलिओत चकचकीत थ्रीडी चित्रांपेक्षा एका दृश्याचा पूर्ण प्रवास दाखवा: पटकथेचं पान, संदर्भ, मोजमापांसह नकाशा, प्रॉपची यादी, खर्चाचा तक्ता आणि शेवटी फोटो. काम देणारा खर्चाच्या तक्त्यावर थांबतो, कारण सुंदर चित्र काढणारे पुष्कळ भेटतात, पण दिलेल्या पैशांत ते उभं करणारे कमी.

पहिलं वर्ष: खरी रक्कम इथे लागते

काम मुंबईत, पण एका जागी नाही. गोरेगावची दादासाहेब फाळके चित्रनगरी, मढचे बंगले, नायगावचे मालिकांचे सेट, ठाण्याचा घोडबंदर रस्ता, शिवाय कर्जत. पहाटेच्या शिफ्टला किंवा रात्री पॅकअपनंतर लोकल नसते, तेव्हा रिक्षाचे पैसे कोण देणार, हे आधीच विचारा.

समजा महिन्याचा खर्च असा आहे: वाटून घेतलेली खोली १२,०००, जेवण ६,०००, प्रवास ३,०००, फोन-इंटरनेट १,०००, औषधपाणी आणि किरकोळ ३,०००. एकूण २५,०००. पहिले दोन महिने भेटीगाठींत गेले, तिसऱ्या महिन्यात काम लागलं आणि महिनाअखेरीस बिल दिलं. टीव्हीच्या धंद्यात ९० दिवसांची उधारी ही जुनी रीत आहे. म्हणजे पहिला रुपया सहाव्या महिन्याच्या शेवटी येणार.

सहा महिन्यांचा राहण्याचा खर्च: १,५०,०००
खोलीची अनामत, तीन महिन्यांची: ३६,०००
लॅपटॉप: ८०,०००
हत्यारं आणि बूट: १०,०००
पोर्टफोलिओची छपाई: ५,०००
एकूण: २,८१,०००

यात शिक्षणाचा एक पैसाही नाही. लॅपटॉप आधीच असेल आणि मुंबईत नातेवाइकांकडे राहण्याची सोयही असेल तर रक्कम निम्म्याच्याही खाली येते. म्हणून कॉलेज निवडताना ‘मुंबईत राहायचं कुठे’ हा प्रश्न फीइतकाच वजनाचा धरा. पुणे किंवा कोल्हापूरला राहून मराठी मालिका, जाहिराती आणि कार्यक्रमांचे मंच करत सुरुवात करणं हा पर्याय यासाठीच विचारात घेण्यासारखा आहे.

या वर्षात एक खर्च हमखास विसरला जातो तो आरोग्य विम्याचा. असिस्टंटला नोकरीतला गटविमा नसतो, आणि काम उंचीवर, विजेच्या तारांमध्ये आणि थिनरच्या वासात असतं. २२ सप्टेंबर २०२५पासून वैयक्तिक आरोग्य विम्याच्या हप्त्यावर जीएसटी नाही, तेव्हा पहिल्या कमाईतून हा हप्ता काढा.

कार्ड आणि दलाल

मुंबईत चित्रपट-टीव्ही कामगारांच्या संघटना ‘फेडरेशन ऑफ वेस्टर्न इंडिया सिने एम्प्लॉइज’ या महासंघाखाली येतात. कलादिग्दर्शक आणि वेशभूषाकारांची संघटना वेगळी, सेटिंग कामगारांची वेगळी. सदस्यत्वाची फी, अटी आणि हप्त्यांची सोय संघटनेच्या कार्यालयात जाऊनच विचारा, पैसे तिथेच भरा आणि पावती घ्या. ‘आठ दिवसांत कार्ड काढून देतो’ म्हणणाऱ्याला पैसे देऊ नका. काही महिने असिस्टंट म्हणून काम केल्यावर हे क्षेत्र आपलं आहे की नाही ते कळतं. त्यानंतरच हा खर्च करणं शहाणपणाचं.

एका खोलीचा सेट: पैसा जातो कुठे?

बजेट मांडता आलं की असिस्टंटची बढती लवकर होते. म्हणून एक हिशेब पुरता पाहू. मध्यमवर्गीय घराची बैठकीची खोली: २० फूट बाय १६ फूट, भिंतींची उंची १० फूट. कॅमेऱ्यासाठी चौथी बाजू उघडी, म्हणून तीन भिंती: २० + १६ + १६ = ५२ फूट लांबी, ५२० चौरस फूट क्षेत्रफळ. प्लायचा एक शीट ८ बाय ४, म्हणजे ३२ चौरस फूट. दहा टक्के नासधूस धरून १८ शीट लागतील. चित्रीकरण पाच दिवसांचं आहे.

प्लाय, १८ शीट, १,१०० प्रमाणे: १९,८००
फ्लॅटच्या चौकटी आणि टेकूंचं लाकूड: २५,०००
खिळे, फेव्हिकॉल, किरकोळ: ५,०००
सेटिंग, ८ माणसं, ३ दिवस, १,५०० प्रमाणे: ३६,०००
पेंटर, ४ माणसं, २ दिवस, १,५०० प्रमाणे: १२,०००
रंग आणि टेक्स्चरचं सामान: १५,०००
दारं-खिडक्या भाड्याने: १०,०००
फर्निचर आणि प्रॉपर्टी, ५ दिवस, ६,००० प्रमाणे: ३०,०००
टेम्पो, ४ फेऱ्या, ४,००० प्रमाणे: १६,०००
सेट मोडणं, ८ माणसं, १ दिवस, १,५०० प्रमाणे: १२,०००
एकूण: १,८०,८००
दहा टक्के राखीव: १८,०८०
अंतिम अंदाज: १,९८,८८०

फ्लोअरचं भाडं यात नाही. नवखा माणूस प्लायचा भाव काढून अंदाज सांगतो, पण प्लाय एकूण खर्चाच्या जेमतेम दहाव्या हिश्श्यात बसतो. मजुरीच ६०,००० आहे, म्हणजे जवळजवळ तिसरा हिस्सा. सेट मोडण्याचे आणि माल परत पाठवण्याचे पैसे तर पहिल्या अंदाजात हमखास राहून जातात. चित्रीकरण दोन दिवसांनी लांबलं की नुसतं प्रॉपर्टीचं भाडं १२,०००ने वाढतं. दिग्दर्शकाने आदल्या रात्री भिंतीचा रंग बदलायला सांगितला तर पेंटरची रात्रपाळी आणि नवा रंग. राखीव रक्कम यासाठीच असते. निर्माता ती कापायला सांगेल, तेव्हा त्याऐवजी एखादी भिंत कमी करा.

पैसे वाचवायचे तर ते खरेदीत वाचतात. जुन्या फर्निचरसाठी जोगेश्वरी-ओशिवऱ्याची दुकानं, जुन्या वस्तूंसाठी चोर बाजार, कापडासाठी मंगलदास मार्केट, दिव्यांसाठी लोहार चाळ, पुण्यात जुना बाजार. विकत आणि भाड्याने यांतली निवड सोपी आहे: चित्रीकरणाच्या दिवसांचं एकूण भाडं वस्तूच्या किमतीच्या निम्म्याहून जास्त होत असेल तर विकत घेण्याचा विचार करा. पण ती वस्तू नंतर ठेवायची कुठे, याचं उत्तर आधी हवं.

फी ठरवताना

डिझायनर किंवा आर्ट डिरेक्टर म्हणून काम दोन तऱ्हांनी घेता येतं. पहिल्या तऱ्हेत तुमची फी वेगळी असते आणि बांधकाम, भाडं, मजुरी निर्माता थेट भरतो. दुसरी तऱ्हा ‘लमसम’ची: एक ठोक रक्कम घ्या आणि त्यात सेट उभा करून द्या. लमसमचा आकडा मोठा दिसतो, म्हणून भुरळ पडते. पण वर वाढलेला प्रत्येक खर्च त्यात तुमच्या खिशातून जातो, आणि निर्मात्याचे पैसे उशिरा आले तरी सेटिंगवाल्यांना रोजच्या रोज मजुरी द्यावी लागते. हाताशी दोन-तीन महिन्यांचं खेळतं भांडवल नसेल तर लमसम घेऊ नका.

करार दोन पानांचा असला तरी चालेल, पण त्यात एवढं असावं: फी आणि तिचे टप्पे, सही करतानाची रक्कम, कामाचे दिवस आणि वाढीव दिवसाचा दर, आराखड्यात किती वेळा बदल करून मिळेल, बाहेरगावचा प्रवास आणि मुक्काम, काम रद्द झालं तर किती पैसे, आणि श्रेयनामावलीत नाव कसं येईल. असिस्टंट असाल तर एवढा मजकूर ई-मेलवर तरी घ्या.

आणखी एक गोष्ट. सेटवर ‘पटकन जाऊन घेऊन ये, नंतर देतो’ हे रोज ऐकायला मिळतं. स्वतःच्या यूपीआयमधून प्रॉप आणू नका. प्रॉडक्शनकडून आगाऊ रोख घ्या, बिलं चिकटवून हिशेब द्या, मग पुढची रक्कम घ्या. पाचशे-पाचशेची थकबाकी कोणी मुद्दाम बुडवत नाही, पण चित्रीकरण संपलं की ती कोणाच्या लक्षातही राहत नाही.

कर: हातात येणारा पैसा आणि अडकणारा पैसा

व्यावसायिक फीवर निर्माता सहसा १० टक्के टीडीएस कापतो. आयकर नियमांत ‘फिल्म आर्टिस्ट’ या व्याख्येत कलादिग्दर्शक आणि सहायक कलादिग्दर्शक दोघेही येतात. त्यामुळे ज्यांची वर्षाची जमा ५० लाखांपर्यंत आहे (रोखीचा वाटा ५ टक्क्यांच्या आत असेल तर ७५ लाखांपर्यंत), त्यांना जमेच्या निम्मी रक्कम उत्पन्न दाखवून, सविस्तर हिशेबवह्या न ठेवता विवरणपत्र भरता येतं. जुन्या कायद्यात हे कलम ४४एडीए होतं. १ एप्रिल २०२६पासून लागू झालेल्या नव्या आयकर कायद्यात कलमांचे क्रमांक बदलले आहेत, म्हणून सनदी लेखापालाला नव्या क्रमांकाने विचारा. टीव्ही, जाहिरात आणि इंटिरियरची जमा एकत्र असेल तर हे त्याच्याकडून तपासून घेणं अधिकच गरजेचं.

उदाहरण घ्या. वर्षाची जमा १८ लाख, म्हणजे उत्पन्न धरलं ९ लाख. नव्या करप्रणालीत १२ लाखांपर्यंतच्या उत्पन्नावर सवलतीमुळे कर शून्य होतो. पण टीडीएस कापला गेला १,८०,०००. विवरणपत्र भरलं नाही तर हे पैसे सरकारजमाच राहतात. ‘कर लागत नाही, मग विवरणपत्र कशाला’ हा या धंद्यातला महाग गैरसमज आहे.

वर्षाची जमा २० लाखांपुढे गेली की जीएसटी नोंदणी लागते आणि सेवेवर दर १८ टक्के. पाच लाखांच्या बिलावर ९०,००० जीएसटी, आणि तो साधारणपणे पुढच्या महिन्याच्या २० तारखेपर्यंत भरायचा. निर्माता मात्र ९० दिवसांनी पैसे देणार. म्हणजे त्याचा कर तुम्ही आधी खिशातून भरता. यावर उपाय एकच: जीएसटीची रक्कम बिलासोबतच मिळेल, अशी अट करारात घाला.

पैसे अडकले तर

उद्यम नोंदणी मोफत आहे आणि ऑनलाइन होते. पैसे मागणाऱ्या एजंटकडे जाऊ नका. काम घेण्याआधी ही नोंदणी केली तर तुम्ही कायद्याने सूक्ष्म उद्योग ठरता. मग करारात काहीही लिहिलं तरी पैसे देण्याची मुदत ४५ दिवसांपुढे जात नाही, आणि लेखी करार नसेल तर ती १५ दिवसांची. उशीर झाल्यास बँक दराच्या तिप्पट दराने, मासिक चक्रवाढ व्याज मागता येतं. तक्रार सूक्ष्म व लघु उद्योग सुलभीकरण परिषदेकडे करायची. पुढचं काम त्याच लोकांकडून येणार म्हणून तक्रार करायला कोणी धजत नाही, हे खरं आहे. तरीही बिलावर उद्यम क्रमांक आणि ‘४५ दिवसांत देय’ हे शब्द छापा. अशा पुरवठादाराचे पैसे मुदतीत दिले नाहीत तर प्रत्यक्ष पैसे देईपर्यंत त्या खर्चाची वजावट निर्मात्याला आयकरात मिळत नाही. त्यामुळे वर्ष संपताना त्याचा हिशेबनीस अशी बिलं वर काढतो.

स्वतःचं गोडाऊन, स्वतःचा स्टुडिओ

चार कामं झाली की प्रॉपर्टी साठते आणि गोडाऊन घ्यावंसं वाटतं. समजा गोडाऊनचं भाडं महिना २०,००० आहे, म्हणजे वर्षाला २,४०,०००. साठवलेल्या वस्तू इतरांना भाड्याने देऊन किंवा स्वतःच्या कामात वापरून वर्षाला तेवढे पैसे सुटत नसतील, तर माल विकून टाका.

स्टुडिओ तर निराळाच धंदा. ‘लगान’साठी भुजजवळच्या कुनरियात गाव उभारणारे आणि कलादिग्दर्शनाचे चार राष्ट्रीय पुरस्कार मिळवणारे देसाई यांनी २००५मध्ये कर्जतजवळ एन. डी. स्टुडिओ उभा केला. कर्ज थकल्यावर २०२३मध्ये त्या कंपनीवर दिवाळखोरीची प्रक्रिया सुरू झाली. त्याच वर्षी २ ऑगस्टला देसाई यांचं निधन झालं. त्यांच्या कलेबद्दल कोणाच्या मनात शंका नव्हती. पण डिझायनर फीवर जगतो, आणि स्टुडिओ रोज भाड्याने गेला तरच व्याज फिटतं. ही दोन कामं करायचीच असतील तर त्यांचे पैसे आणि जोखीम वेगळी ठेवावी लागते. वैयक्तिक हमी देऊन कर्ज काढण्याआधी घरच्यांसोबत आणि लेखापालासोबत बसा.

निर्णय घेण्याआधी

पुढच्या प्रश्नांची उत्तरं कागदावर लिहा.

१. मुंबईत सहा महिने कमाईशिवाय राहण्याइतके पैसे वेगळे ठेवलेत का? की बिनभाड्याची जागा आहे?
२. शैक्षणिक कर्जाचा हप्ता महिन्याच्या अपेक्षित कमाईच्या चौथ्या हिश्श्याच्या आत आहे का?
३. एखाद्या नाटकाचं किंवा लघुपटाचं काम, खर्चाच्या तक्त्यासकट, पूर्ण केलंय का?
४. आरोग्य विमा, पॅन आणि उद्यम नोंदणी झाली आहे का?
५. काम न मिळाल्यास कधी थांबायचं आणि तोवर इंटिरियर, प्रदर्शनं किंवा कार्यक्रमांचे मंच यांपैकी काय करायचं, हे ठरलंय का?

पाचपैकी चारांना ‘हो’ असेल तर निघा. पहिल्याचंच उत्तर ‘नाही’ असेल तर आणखी एक वर्ष गावातच काम करा, नेपथ्य करत राहा आणि ती रक्कम जमवा. त्या वर्षात पोर्टफोलिओही भरेल आणि मुंबईत आल्यावर पहिलंच मिळेल ते काम घेण्याची पाळी येणार नाही. कामाची निवड करता येणं, हीच या व्यवसायात पैसे साठवून मिळणारी खरी सवलत आहे.